माथेरानचा सिलिंडर कोण वाहतं? (हातरिक्षा, ई-रिक्षा, घोडे, मिनी ट्रेन वगैरे)

पायवाट

मंडळी,

पितृपक्षात खोल्या स्वस्त मिळतात म्हणून मागच्या आठवड्यात आईला घेऊन माथेरानला जाऊन आलो. आई एकाहत्तर वर्षांची, दोन्ही गुडघे कुरकुरणारे. नेरळपर्यंत कर्जत लोकल, तिथून शेअर टॅक्सी, इथवर सगळं झकास. दस्तुरी नाक्यावर टॅक्सी सोडली (त्यापुढे मोटारींना बंदी) आणि पंचाईत झाली. पावसाळ्यात नेरळहून मिनी ट्रेन वर येत नाही, फक्त अमन लॉज (दस्तुरीजवळचं स्टेशन) ते माथेरान शटल चालते. त्या शटलची तिकिटं आमच्यापुढे चार माणसं असताना संपली. ई-रिक्षाच्या रांगेचं शेपूट कुठवर गेलंय ते दिसत नव्हतं. उरले घोडे आणि हातरिक्षा.

आई म्हणाली, "घोड्यावरून मी पडेन. आणि त्या गाडीत मी बसणार नाही. तो बाबा माझ्याच वयाचा दिसतोय. मी बसायचं आणि त्यानं ओढायचं?" ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी: एक जण पुढे ओढायला, दोघे मागून ढकलायला, अशी ती तीन माणसांची गाडी असते. तो बाबा बिचारा समजावत होता की आजी, तुम्ही नाही बसलात तर आमची आजची भाकरी बुडेल. त्यालाही काही चूक म्हणता येईना.

शेवटी पुढच्या शटलपर्यंत दीड तास कट्ट्यावर बसून काढला. रिकामा न्हावी... म्हणून समोरून काय काय जातं ते मोजत बसलो. गॅस सिलिंडर रचलेली एक हातगाडी, तिला चार माणसं. विटांच्या गोण्या पाठीवर घेतलेले सहा घोडे. डोक्यावर अंड्यांचे ट्रे घेतलेला एक मुलगा. बांबूला टांगलेला एक फ्रीज, दोघांच्या खांद्यावर. भाजीच्या पाट्या घेतलेल्या बायका तर किती, ते मोजायचंच सोडलं.

हॉटेलात पोहोचलो तर भिंतीवर पाटी, "प्रदूषणमुक्त माथेरानमध्ये आपले स्वागत". आईनं गरम पाण्याची बादली घेता घेता विचारलं, "हा गॅस त्याच गाडीवरून आला ना रे?"

तेव्हापासून डोक्यात हेच घोळतंय. मोटार नाही म्हणजे वाहतूक शाश्वत झाली का? हातरिक्षा बंद करण्याचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आलाच आहे, पण मी वाचलेल्या बातम्यांत सगळी चर्चा माणसांच्या प्रवासाची. सामानाचं काय? जाणकारांनी लिहावं.

जाऊदेना

पायी जा. तीन किलोमीटर तर आहे. विषय संपला.

पायवाट

@जाऊदेना, सिलिंडरला सांगून बघतो.

नेरळ_लोकल

शीर्षक वाचून लॉगिन केलं, नाहीतर मी वाचनमात्र.

माझ्या मामाचं वर किराणा दुकान आहे, त्यामुळे हे लहानपणापासून बघतोय. खालून टेम्पो दस्तुरीपर्यंत येतो. तिथे माल उतरतो. मग हातगाडी, घोडा, हमाल किंवा शटल. बाजारात पुन्हा उतरतो. हॉटेल आत पॉइंटच्या बाजूला असेल तर तिसऱ्यांदा चढतो आणि उतरतो. खरी महागाई अंतराची नाही, या चढउतारीची आहे. प्रत्येक वेळी कुणाचा तरी हात लागतो आणि त्या हाताला मजुरी द्यावी लागते. पाण्याची बाटली वर महाग का म्हणून मामाशी भांडणारे लोक दर रविवारी येतात.

सिमेंट पावसाळ्यात आणायचं नाही, हा अलिखित नियम. ओलं होतं. घर दुरुस्त करायचं असेल तर वाळूचा हिशेब ब्रासमध्ये करून भागत नाही, घोड्यांच्या खेपांमध्ये करावा लागतो.

आणि त्या भाजीवाल्या बायका बाजारपेठेतल्या नाहीत. डोंगराखालच्या वाड्यांमधून पायवाटेनं चढून येतात. भाजी, फळं, रानमेवा विकायचा आणि संध्याकाळी परत उतरायचं. त्यांना दस्तुरीला टॅक्सीनं यायला कुणी सांगितलं तरी परवडणार नाही. पर्यावरणाच्या गप्पांत त्यांचं नाव कधी ऐकलं नाही.

मीटरगेज

नाव मीटरगेज असलं तरी आज नॅरोगेजवर बोलणार, माफी असावी.

माथेरानच्या वाहतुकीचं उत्तर 1907 सालीच दिलेलं आहे, आपण ते नीट वापरत नाही एवढंच. सर आदमजी पीरभॉय यांच्या पैशानं आणि त्यांचे चिरंजीव अब्दुल हुसेन यांच्या देखरेखीखाली 1904 ते 1907 या काळात दोन फुटी रुळांची ही लाइन बांधली गेली. 22 मार्च 1907 ला सुरू झाली. नेरळ ते माथेरान सुमारे 21 किलोमीटर, चढ काही ठिकाणी वीसास एक. म्हणजे वीस फूट पुढे गेलं की एक फूट वर. साध्या चाकांच्या रेल्वेला हा चढ म्हणजे अंगावर काटा. वळणं इतकी आवळलेली की नेहमीचं इंजिन त्यावरून वळूच शकत नाही. म्हणून जर्मनीच्या ओरेनस्टाइन अँड कोपेलकडून खास इंजिनं आणली होती, त्यांचे आस (चाकं जोडणारे दांडे) वळणावर थोडे सरकायचे. बोगदा अख्ख्या लाइनीत एकच, तोही इवलासा. त्याचं इंग्रजांनी ठेवलेलं नाव आईसोबत जाताना सांगत बसू नका.

आता मुद्दा. रुळावरचं पोलादी चाक मातीवरच्या चाकापेक्षा कितीतरी कमी ताकदीत तेवढंच वजन ओढतं. लाल मातीत पावसाळ्यात हातगाडीचं चाक रुततं तेव्हा ती चार माणसं अर्धी ताकद मातीशी झगडण्यात घालवतात. तेच सिलिंडर शटलच्या मालडब्यात टाकले तर इंजिनाला पत्ताही लागणार नाही. करोनाच्या काळात आणि नंतर याच शटलनं हजारो नग सामान वर नेलंय, म्हणजे सोय आहे, फक्त मापात आहे.

दुखणं एकच, लाइन नाजूक आहे. 26 जुलै 2005 च्या पावसात वाहून गेली, 2007 ला परत उभी राहिली. 2016 ला डबे घसरले म्हणून बंद. 2019 च्या पावसात पुन्हा रूळ लोंबकळले, ते ऑक्टोबर 2022 ला नीट झाले. तीन वर्षं! मुंबईच्या कुठल्या लाइनीला तीन वर्षं बंद राहू दिलं असतं का?

घोड्याची_नाल

मीटरगेजसाहेब, रेल्वे बंद होती त्या तीन वर्षांत गाव कुणी जगवलं तेही लिहा की. घोड्यांनी.

आमच्या घरात दोन पिढ्यांचा हाच धंदा. चारशेच्या वर परवान्याचे घोडे आहेत. सीझन म्हणजे दिवाळी, नाताळ आणि उन्हाळी सुट्टी. बाकी वर्षभर घोडा उभा असला तरी चणे, भुसा, गवत खातोच. नाल ठोकणाऱ्याला पैसे लागतातच. ई-रिक्षा उभी असली की काही खात नाही, हे मला समजतं. म्हणून तर भीती वाटते.

लीद पडते, वास येतो, म्हणून तक्रार करतात. मान्य. पण लीद झाडाखाली जाते आणि माती होते. बॅटरी मेली की कुठे जाते, हे मला कुणी सांगेल का?

मोजपट्टी

@घोड्याची_नाल, प्रश्न रास्त आहे. लेड-ॲसिड बॅटरी असेल तर शिसं परत वापरता येतं आणि भंगारवाले ती पैसे देऊन नेतात, त्यामुळे ती शक्यतो दरीत फेकली जात नाही. पण ते शिसं कुठल्या तरी गल्लीत उघड्यावर वितळवलं गेलं तर तिथल्या पोरांच्या रक्तात उतरतं. तेव्हा बॅटरी परत घेण्याची जबाबदारी विकणाऱ्यावर कागदोपत्री आणि प्रत्यक्ष, दोन्हीकडे हवी.

आता माझा आवडता खेळ, ढोबळ हिशेब. साधारण ई-रिक्षाच्या बॅटरीत पाचेक युनिट वीज मावते आणि सपाटीवर ऐंशी-शंभर किलोमीटर जाते. खडबडीत रस्ता, चढउतार, ओझं धरून दुप्पट वीज लागली असं समजू. दस्तुरी ते बाजार तीन किलोमीटर म्हणजे खेपेला अर्ध्या युनिटपेक्षा कमी. आपली वीज बरीचशी कोळशाची, म्हणून युनिटमागे पाऊण किलो कार्बन डायऑक्साइड धरू. खेपेला फार तर तीनशे ग्रॅम, त्यात तीन-चार माणसं.

आता मुंबईहून स्वतःच्या गाडीनं दस्तुरीला येणाऱ्याचा हिशेब करा. एका बाजूला पंच्याऐंशी-नव्वद किलोमीटर, लिटरला पंधरा धरलं तर सहा लिटर पेट्रोल. लिटरला 2.3 किलोच्या आसपास, म्हणजे चौदा किलो. परतीचे तेवढेच. वर तीनशे ग्रॅमवरून आपण वाद घालतोय आणि खाली पार्किंगमध्ये अठ्ठावीस किलोचा धूर सोडून माणूस "काय शुद्ध हवा आहे हो!" म्हणत फोटो काढतोय.

पायवाट, तुम्ही लोकलनं गेलात तिथेच निम्म्याहून जास्त लढाई जिंकलात.

निमशहरी

मोजपट्टींचा हिशेब पटला, पण निष्कर्ष पटला नाही. ई-रिक्षाचा धूर हा मुद्दाच नव्हता कधी. मुद्दा रस्त्याचा आहे. चाकाला सपाट रस्ता लागतो. लाल मातीत ई-रिक्षा फसते, म्हणून पेव्हर ब्लॉक आले. ब्लॉकखाली पाणी मुरत नाही, ते वाहतं. वाहिलं की कडेची माती घेऊन जातं. आणि एकदा सपाट रस्ता झाला की उद्या कुणीतरी मंत्री म्हणणार, पाहुण्यांसाठी एक गाडी जाऊ द्या. लोणावळा, महाबळेश्वर बघा. शनिवारी रात्री तिथे चालायला जागा नसते.

2003 ला माथेरान इको सेन्सिटिव्ह झोन (पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र) जाहीर झालं ते उगाच नाही. मोटारबंदी ही गावाची एकमेव खरी संपत्ती आहे.

नेरळ_लोकल

@निमशहरी, खरं सांगू? तुम्ही शनिवारी येता, तुम्हाला मातीचा रस्ता गोड वाटतो. माझी मामेबहीण नववा महिना असताना त्याच मातीवरून गेली आहे, ॲम्ब्युलन्सची वाट बघत बसण्यापेक्षा बरं म्हणून. शाळेची पोरं रोज चालतात, पाठीवर दप्तर. 2022 च्या डिसेंबरात प्रायोगिक म्हणून सात ई-रिक्षा आल्या तेव्हा सगळ्यात जास्त आनंद पोरांना आणि म्हाताऱ्यांना झाला होता. प्रयोग संपून त्या काही काळ बंद झाल्या तेव्हा रडलेली पोरं मी बघितली आहेत.

निमशहरी

ते मान्य. रहिवाशांसाठी हव्यातच. मी पर्यटकांबद्दल बोलतोय.

वकिलीण

निकालाबद्दल अर्धवट लिहिलं जातंय म्हणून थोडं सविस्तर.

6 ऑगस्ट 2025 ला सर्वोच्च न्यायालयानं, तेव्हाचे सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या खंडपीठानं, माणसानं ओढायच्या रिक्षा सहा महिन्यांत बंद करायला सांगितलं. म्हणजे मुदत फेब्रुवारी 2026 पर्यंत. निकालात 1980 च्या एका जुन्या प्रकरणाची आठवण काढली आहे. पंजाबातल्या सायकल रिक्षावाल्यांच्या संघटनेचं ते प्रकरण होतं आणि त्यात रिक्षा ओढणाऱ्यांना स्वतःच्या रिक्षाचं मालक करण्यावर भर होता. पंचेचाळीस वर्षांनंतरही माणूस माणसाला ओढतोय याची खंत न्यायालयानं स्पष्ट नोंदवली.

दोन गोष्टी महत्त्वाच्या. एक, ई-रिक्षा या हातरिक्षा ओढणाऱ्यांनाच मिळायला हव्यात आणि त्यासाठी गुजरातमधल्या केवडियासारखी भाड्याने गाडी देण्याची योजना करा, पैसे नाहीत ही सबब चालणार नाही, असं राज्याला बजावलंय. दोन, पेव्हर ब्लॉक दस्तुरी नाक्यापासून शिवाजी महाराजांच्या पुतळ्यापर्यंतच. आतल्या रस्त्यांवर आणि पायवाटांवर नाहीत. त्यामुळे निमशहरी यांची भीती न्यायालयाच्याही डोक्यात होती म्हणायला हरकत नाही.

पायवाट, तुमच्या आईंनी जे एका वाक्यात सांगितलं ते सांगायला आमच्या व्यवसायात पानंच्या पानं लागतात.

डॉ_कडुनिंब

थोडक्यात लिहितो, ओपीडी सुरू आहे. मागून ढकलणाऱ्यांच्या कमरेकडे आणि पुढे ओढणाऱ्याच्या गुडघ्यांकडे बघा. उतारावर गाडी रोखून धरणं हे चढावर ओढण्यापेक्षा गुडघ्यांना जड जातं. पन्नाशीत सत्तरीचे सांधे होतात. पायवाट यांच्या आईला तो "आपल्या वयाचा" वाटला, तो कदाचित पंचावन्नचाही नसेल.

पायवाट

डॉक्टर, हे वाचून दोन मिनिटं गप्प बसलो.

आल्प्सची_चिमणी

मी स्वित्झर्लंडमध्ये असते, झुरिकजवळ. इथे झेरमाट नावाचं गाव आहे, मॅटरहॉर्नच्या पायथ्याशी. तिथेही पेट्रोल-डिझेल गाड्यांना बंदी. सगळ्यांनी गाड्या आधीच्या टेश गावात लावायच्या आणि बारा मिनिटांच्या रेल्वेनं वर जायचं. आमची दस्तुरी म्हणजे टेश, अगदी तसंच.

फरक दोन दिसले. रेल्वे दर वीस मिनिटांनी, बर्फ पडो की पाऊस. आणि माल रेल्वेनं येतो, मग गावात छोट्या विजेच्या गाड्या तो घरोघरी पोचवतात. खोक्यासारख्या बुटक्या गाड्या, त्या गावातच बनतात.

पण निमशहरींना बरं वाटेल असं एक सांगते. आता त्या विजेच्या गाड्यांची संख्या शेकड्यांत गेली आहे. हॉटेलांच्या, टॅक्सीच्या, कंत्राटदारांच्या. आवाज न करता मागून येतात आणि मी दोनदा दचकून भिंतीला चिकटले आहे. मोटारबंदी असलेल्या गावात रस्ता ओलांडताना डावीकडे-उजवीकडे बघावं लागतं.

मीटरगेज

@आल्प्सची_चिमणी, हेच म्हणतो मी. दर वीस मिनिटांनी रेल्वे असेल तर विजेच्या गाड्यांची संख्या आपोआप आटोक्यात राहते. अमन लॉज ते माथेरान लाइन फार तर तीन किलोमीटर. त्यावर फेऱ्या वाढवा, दोन डबे फक्त मालाचे लावा, दस्तुरीला टेम्पो थेट फलाटाला लागेल असा धक्का बांधा. चढउतारीतली एक पायरी तिथेच वाचते. मग हातगाडी फक्त स्टेशन ते दुकान.

घोड्याची_नाल

आणि आमचं काय?

मोजपट्टी

@घोड्याची_नाल, प्रामाणिकपणे सांगतो, सिमेंट-विटांची खेप घोड्याच्या पाठीवरून कायमची उतरली तर घोड्यालाही बरं वाटेल. पर्यटकांना पॉइंट दाखवण्याचं काम कुठलीही ई-रिक्षा करू शकत नाही, कारण तिला तिथे जायला परवानगीच नाही. तुमचं खरं उत्पन्न कशातून येतं, खेपेतून की पॉइंटमधून?

घोड्याची_नाल

पॉइंटमधून. खेप म्हणजे पावसाळ्यातली भाकरी. पण पावसाळा चार महिन्यांचा असतो हो.

वकिलीण

हा मुद्दा महत्त्वाचा आहे. पुनर्वसनाची सगळी चर्चा हातरिक्षावाल्यांपुरती आहे. मालाची वाहतूक बदलली तर हमाल, हातगाडीवाले आणि घोडेवाले यांचाही तितकाच विचार व्हायला हवा. ते कुठल्याच यादीत नसतील तर दहा वर्षांनी आणखी एक याचिका.

नेरळ_लोकल

मामाला धागा वाचून दाखवला. तो म्हणतो, विजेवर चालणारी हातगाडी द्या. म्हणजे गाडी तीच, मूठ तीच, फक्त चाकात मोटर. माणूस दिशा धरेल, जोर मोटर लावेल. चार माणसांच्या जागी एक पुरेल की नाही माहीत नाही, पण दोन नक्की पुरतील आणि कुणाची कंबर जाणार नाही. आणि ती गाडी हमाल संघटनेच्या मालकीची हवी. हॉटेलवाल्याच्या मालकीची झाली की हमालाला रोजंदारीवर ठेवतील, असं त्याचं स्पष्ट मत आहे. मामा आठवी शिकलाय, पण 1980 च्या त्या प्रकरणातलं म्हणणं आणि त्याचं म्हणणं एकच निघालं!

निमशहरी

मामांना माझ्याकडून +१. या गाडीला रुंद रस्ता लागणार नाही. वेगही माणसाच्या चालीचा.

जाऊदेना

बरं बाबांनो, मी माझं "विषय संपला" मागे घेतो. पुढच्या खेपेला लोकलनं जाईन. गाडी घेऊन गेलो होतो मागच्या महिन्यात, पार्किंगला जागा शोधण्यातच पाऊण तास गेला.

पायवाट

सगळ्यांचे आभार. आईला संपूर्ण धागा वाचून दाखवला. मोजपट्टींच्या अठ्ठावीस किलोवर तिचा विश्वास बसला नाही, "हवेला वजन असतं होय?" म्हणाली. मामांची हातगाडी मात्र एकदम पटली. दिवाळीनंतर पुन्हा जायचं म्हणतेय, या वेळी नेरळहून मिनी ट्रेननं, वर चढेपर्यंत खिडकीत बसून. मीटरगेज, तिकिटाचं आणि तिच्या गुडघ्यांचं काही सांगा.

मीटरगेज

पावसाळ्यानंतर नेरळहून गाडी सुरू झाल्याची खात्री करूनच निघा, रुळांची डागडुजी लांबली तर तारीख पुढे जाते. सुरू झाली की पहिली गाडी पकडा, शनिवार-रविवार टाळा. डब्याची पायरी आईंच्या गुडघ्यांना उंच पडेल. घरातलं प्लास्टिकचं बुटकं स्टूल पिशवीत टाकून न्या. परतीला शटलसाठी तेच लागेल.

नेरळ_लोकल

स्टूल नेऊ नका, ओझं कशाला. मामाच्या दुकानात आहे, स्टेशनवर घेऊन येतो. तारीख कळवा.